राजीनामा म्हणजे नक्की काय? अपिलात मिटलेल्या सौद्यांचा इतिहास

आजचा विषय वरवर पाहिला तर रुक्ष वाटेल. जमिनीच्या किंवा घराच्या सौद्यावरून भांडण झालंय, खालच्या कोर्टाचा निकाल लागलाय, हरलेल्याने अपील केलंय आणि अपील चालू असतानाच दोघांनी आपसात मिटवलंय. कोर्ट त्या अटींवर शिक्का मारतं आणि त्याचा हुकूमनामा होतो. बातमीत अशा प्रकरणाला एक ओळसुद्धा मिळत नाही. पण ज्या घरात असा दावा वीस वर्षं चाललेला असतो, तिथे त्या एका कागदाने दोन पिढ्यांचं ओझं उतरतं. कधीकधी मात्र त्याच कागदावरून नवं भांडण उभं राहतं.

मी वकील नाही, पोटापाण्यासाठी कोड लिहितो. त्यामुळे हा भाग कायद्याचा सल्ला म्हणून ऐकू नका, इतिहास म्हणून ऐका. मला पडलेला प्रश्न साधा आहे: दोघं ‘राजी’ आहेत हे ठरवायचं कोणी आणि कसं? गेली दोनशे-अडीचशे वर्षं आपल्याकडे या एकाच प्रश्नाची वेगवेगळी उत्तरं शोधली गेली आहेत.

सुरुवात एका शब्दापासून करू. आज ‘राजीनामा’ म्हटलं की मंत्री आठवतो, नाहीतर नोटीस पिरियड. शब्द फोडून बघा: राजी आणि नामा. म्हणजे राजी असल्याचा कागद. कन्नडमध्ये तडजोडीला आजही ‘राजी’च म्हणतात. आपल्याकडे जुन्या महसुली व्यवहारात खातेदार जमिनीवरचा ताबा सोडताना सरकारला राजीनामा लिहून द्यायचा आणि नवा माणूस कबुलायत द्यायचा. राजीनामा-कबुलायत ही जोडी मुंबई इलाख्यात अनेक वर्षं चालली. पण त्याच्याही आधी हा शब्द न्यायनिवाड्यात होता.

पंचांसमोरचा कागद

मराठेशाहीत वतनाचा, जमिनीचा, घराचा वांधा निघाला की तो गोतसभेत किंवा पंचायतीत जायचा. पाटीलकी विकली जायची, अर्धी पाटीलकी विकली जायची. मग विकणाऱ्याचा मुलगा किंवा भाऊबंद उभा राहून म्हणायचा की विक्री झालीच नाही, किंवा पैसे पुरते पोचले नाहीत. थोडक्यात, आजच्या विक्रीच्या दाव्यात जे मुद्दे असतात तेच.

दावा सांगणारा अग्रवादी आणि त्याला उत्तर देणारा पश्चिमवादी. दोघं आपापली हकीकत लिहून द्यायचे, तिला तकरीर किंवा करीना म्हणत. पण पंचांनी कामाला हात घालण्याआधी दोघांकडून राजीनामा घ्यायचे: तुम्ही जो निवाडा कराल तो आम्हाला मान्य. शिवाय निवाड्याप्रमाणे वागू याबद्दल जामीन द्यावा लागे. निवाडा झाला की हरलेल्याकडून आणखी एक कागद घेतला जाई, त्याचं नाव येजितखत. म्हणजे माझा दावा खोटा ठरला, यापुढे मी कटकट करणार नाही, असं हरणाऱ्याने जिंकणाऱ्याला लिहून द्यायचं. जिंकणाऱ्याने सरकारात हरकी भरायची, हरणाऱ्याने गुन्हेगारी.

मला यात सगळ्यात महत्त्वाची वाटते ती संमती घेण्याची वेळ. ती दोनदा घेतली जाते, आधी राजीनाम्यात आणि शेवटी येजितखतात. कारण पंचायतीच्या हातात पोलीस नव्हते, बेलिफ नव्हता. निवाडा टिकायचा तो गावासमोर दिलेल्या शब्दावर आणि जामिनावर. म्हणून अनेकदा निवाडाही तडजोडीच्या अंगाने जायचा: मान एकाचा आधी, दुसऱ्याचा नंतर, उत्पन्न निम्मंनिम्मं.

आणि तरीही भांडणं संपत नसत. निवाडा पटला नाही तर माणूस हुजुरात जायचा, किंवा इथले पंच समोरच्याच्या बाजूचे आहेत असं सांगून ‘परस्थळ’ मागायचा, म्हणजे दुसऱ्या ठिकाणी निवाडा करा. एकच वांधा पिढ्यान् पिढ्या फिरून येण्याची उदाहरणं मराठी दफ्तरांत भरपूर सापडतात. तेव्हा अपील हे काही इंग्रजांनीच आणलं असं नाही.

एल्फिन्स्टनची पंचाईत

१८१८ मध्ये पेशवाई गेली. माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनने १८१९ मध्ये पेशव्यांकडून जिंकलेल्या मुलखाबद्दलचा आपला प्रसिद्ध अहवाल लिहिला. त्यात पंचायतीवर बराच मजकूर आहे. पंच जमवणं अवघड, काम रेंगाळतं, बजावणीची हमी नाही हे दोष त्याने स्पष्ट लिहिले. तरी लोकांना समजणारी आणि लोकांचा विश्वास असलेली पद्धत म्हणून ती शक्यतो टिकवावी असं त्याचं मत होतं. १८२७ मध्ये मुंबई इलाख्यासाठी जे रेग्युलेशनचं पुस्तक झालं, ज्याला आपण एल्फिन्स्टन कोड म्हणतो, त्यात लवादासाठी वेगळं रेग्युलेशन ठेवलं गेलं.

पण प्रत्यक्षात काय झालं? कोर्ट उघडल्यावर लोक कोर्टात गेले. कोर्टाच्या हुकूमनाम्यामागे जप्ती होती, पंचांच्या निवाड्यामागे नव्हती. आणि कोर्टाला समोरच्या माणसाचं राजी असणं लागतच नव्हतं. समन्स निघालं, तुम्ही आला नाहीत, तर एकतर्फी हुकूमनामा. संमती या गोष्टीची गरजच संपली.

सुपे, १८७५

याचा परिणाम काय झाला ते पुणे जिल्ह्यातल्या सुप्याने दाखवलं. १२ मे १८७५ ला तिथल्या बाजारात सावकारांविरुद्ध उठाव झाला आणि तो पुणे-नगर जिल्ह्यांतल्या इतर गावांत पसरला. इतिहासात आपण याला दख्खनचे दंगे म्हणून शिकलो. लक्षात घेण्यासारखी गोष्ट म्हणजे लोकांचा मुख्य रोख कागदांवर होता. कर्जरोखे आणि वह्या मिळवायच्या आणि जाळायच्या. कारण कोर्टात कागद बोलायचा, कुणब्याला बोलायची वेळ यायचीच नाही. पुढे चौकशी आयोग बसला, तेव्हा एकतर्फी हुकूमनाम्यांचा प्रश्न ठळकपणे पुढे आला.

दुसऱ्याच वर्षी, १८७६ मध्ये, पुण्यात सार्वजनिक सभेच्या मंडळींनी लवाद कोर्ट सुरू केलं. गणेश वासुदेव जोशी, म्हणजे आपले सार्वजनिक काका, आणि रानडे यांची नावं या कामाशी जोडलेली आहेत. कल्पना अशी की सरकारी कोर्टात न जाता प्रतिष्ठित लोकांसमोर भांडण मिटवावं.

सरकारनेही १८७९ मध्ये दख्खन शेतकरी मदत कायदा केला. पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर हे सुरुवातीचे चार जिल्हे. या कायद्याने कोर्टाला रोख्याच्या मागे जाऊन व्यवहाराचा पूर्ण इतिहास तपासण्याचा अधिकार दिला. नंतरच्या दुरुस्तीने तर कागदावर ‘विक्री’ लिहिलंय पण खरा व्यवहार गहाणाचा होता का, हेही कोर्टाला पाहता येऊ लागलं. आपल्या विषयासाठी महत्त्वाचं म्हणजे याच कायद्याने समेट घडवणारे कॉन्सिलिएटर नेमले. शेतकऱ्याविरुद्ध दावा लावायच्या आधी त्यांच्याकडे जायचं. समेट झाला तर तो लिहून कोर्टाकडे पाठवायचा आणि कोर्टात दाखल झाला की त्याला हुकूमनाम्याचं बळ. रानड्यांनी याच कायद्याखाली स्पेशल जज म्हणून काम केलं आणि तिथूनच १८९३ मध्ये ते मुंबई हायकोर्टात गेले.

ऐकायला छान वाटतं ना? पण इथेच गोम होती. सावकार शेतकऱ्याला घेऊन कॉन्सिलिएटरकडे जायचा, शेतकरी हवा तो आकडा कबूल करायचा आणि कोर्टाने व्यवहार तपासण्याच्या आतच ‘समेटा’वर शिक्का बसायचा, अशी टीका या व्यवस्थेवर झाली. ज्या कायद्याने रोख्याच्या मागे बघायला सांगितलं, त्याच कायद्यातल्या समेटाच्या वाटेने ते बघणं टाळता येत होतं. पुढे ही कॉन्सिलिएटरची व्यवस्था बंद पडली. धडा मात्र शिल्लक राहिला: समेट झाला म्हणजे न्याय झालाच असं नाही. ज्याच्यावर दडपण आहे त्याचं ‘हो’ वेगळं आणि मोकळ्या माणसाचं ‘हो’ वेगळं.

अपिलात माणसं का मिटवतात?

आता आजच्या कोर्टाकडे येऊ. १८५९ मध्ये भारतासाठी पहिली दिवाणी प्रक्रिया संहिता आली, मग १८७७, १८८२ आणि शेवटी १९०८ ची, जी अजून चालू आहे. त्यातला ऑर्डर २३ रूल ३ म्हणजे तडजोडीचा नियम. अपील कोर्टाला मूळ कोर्टाचेच अधिकार असल्यामुळे हा नियम अपिलातही लागू होतो.

एक कल्पित उदाहरण घेऊ. समजा, दादांनी आपली जमीन २० लाखांना विकायचं ठरवलं. भाऊंकडून ५ लाख इसार घेतला, साठेखत झालं. खरेदीखत काही होईना. दादा म्हणतात, भाऊंकडे पैसे तयार नव्हते. भाऊ म्हणतात, भाव वाढला म्हणून दादा फिरले. भाऊंनी दावा लावला, दहा वर्षांनी जिंकला: उरलेले १५ लाख घ्या आणि खरेदीखत करून द्या. दादांनी अपील केलं. तोवर जमिनीची किंमत झाली एक कोट.

आता दोघांची अवस्था बघा. भाऊंच्या हातात हुकूमनामा आहे, पण अपिलात तो उलटला तर फक्त इसार परत मिळेल, जो दहा वर्षांत वितळून गेलाय. दादांच्या हातात सातबारा आहे, पण अपील फेटाळलं गेलं तर एक कोटीची जमीन जुन्या भावात जाईल. शिवाय दावा चालू असताना जमीन तिसऱ्याला विकली तरी तो तिसरा निकालाला बांधील. मुंबई इलाख्याने तर १९३९ मध्येच यासाठी दुरुस्ती करून अशा दाव्याची नोटीस नोंदवण्याची सोय केली होती. म्हणजे जमीन आहे, पण दादांना ती धड विकता येत नाही आणि भाऊंना ती धड कसता येत नाही.

कायदाही मधल्या काळात हलला. विक्रीचा करार जसाच्या तसा पुरा करायला लावणं, हे १८७७ च्या आणि नंतर १९६३ च्या विनिर्दिष्ट अनुतोष कायद्यात कोर्टाच्या विवेकावर होतं. करार सिद्ध झाला तरी कोर्ट म्हणू शकत होतं की इथे जमीन नको, पैसे घ्या. २०१८ च्या दुरुस्तीने हा विवेक बराच काढून घेतला. पण घेणारा सुरुवातीपासून पैसे घेऊन तयार होता की नाही, हा प्रश्न आजही निर्णायक आहे.

खालच्या कोर्टात दोघांनाही वाटत असतं की आपणच जिंकणार. अपिलात मात्र पहिला निकाल समोर असतो, पुरावा नोंदला गेलेला असतो, कोणाचा साक्षीदार कुठे घसरला ते दोघांच्या वकिलांना ठाऊक असतं. धोका किती हे पहिल्यांदाच नीट दिसू लागतं. मग भाऊ म्हणतात, चला, १५ ऐवजी ४० देतो, खरेदीखत करा. किंवा दादा म्हणतात, ५ चे ३० घ्या आणि हुकूमनाम्यावर पाणी सोडा. कोणाला किती हे कायद्याच्या पुस्तकात कुठेच लिहिलेलं नसतं. ते ठरवायचा हक्क फक्त त्या दोघांचा असतो. न्यायाधीश फार तर दादांना किंवा भाऊंना जिंकवू शकतो. ४० चा आकडा त्याला स्वतःहून काढता येत नाही.

सही कुठे आहे?

१९०८ च्या मूळ नियमात तडजोड लेखीच हवी असं म्हटलेलं नव्हतं. त्यामुळे व्हायचं काय, की एकजण म्हणायचा मिटलं आणि दुसरा म्हणायचा छे, नुसती बोलणी झाली होती. मग दाव्याच्या आत आणखी एक दावा: तडजोड झाली होती की नाही याचा पुरावा! १९७६ मध्ये संहितेत मोठी दुरुस्ती झाली, ती १ फेब्रुवारी १९७७ पासून लागू झाली. आता तडजोड लेखी हवी, पक्षकारांच्या सहीची हवी आणि कायदेशीर हवी. तडजोड झाली की नाही हा वाद निघाला तर त्याच कोर्टाने तो सोडवायचा. आणि तडजोड बेकायदा होती म्हणून नवा दावा लावायला बंदी. संमतीच्या हुकूमनाम्यावर अपीलही नाही. फसवणूक झाली असेल तर ज्या कोर्टाने शिक्का मारला तिथेच जाऊन सांगायचं.

या नियमाची परीक्षा डिसेंबर १९८७ मध्ये सुप्रीम कोर्टात झाली, तीही थेट आपल्या विषयावर. चंदीगडच्या एका घराच्या विक्रीचा करार, त्यावरून दावा आणि हायकोर्टात अपील चालू असताना तडजोडीची बोलणी. अटी कोर्टासमोर तोंडी सांगितल्या गेल्या, पण सहीचा कागद झाला नाही. सुप्रीम कोर्टाने स्पष्ट केलं की सुनावणीच्या दरम्यान, अगदी अपिलात तडजोड झाली तरी ती लिहून सही करण्यापासून सूट नाही. कोर्टानेच तसा आग्रह धरला पाहिजे.

पुढचा प्रश्न: पक्षकाराची सही म्हणजे स्वतःचीच, की वकिलाची चालेल? १९९१ मध्ये मुंबईहून गेलेल्या एका प्रकरणात सुप्रीम कोर्टाने म्हटलं की अशिलाच्या वतीने सही करण्याचा वकिलाचा परंपरेने चालत आलेला अधिकार या दुरुस्तीने गेलेला नाही. पण वकिलाने अशिलाकडून लेखी सूचना घेणं शहाणपणाचं, हेही आलं. आपल्याकडच्या कोर्टांत तडजोडीची पुरसीस दाखल होते तेव्हा न्यायाधीश पक्षकारांना समोर बोलावून विचारतात: वाचलंत का, समजलं का, राजीखुशीने सही केलीत का? दोन मिनिटांचं काम वाटतं. पण सुप्यापासूनचा इतिहास माहीत असेल तर ती दोन मिनिटं फार मोलाची वाटतात.

कारण सहीच्या पलीकडेही माणसं असतात. दादांची बहीण सहहिस्सेदार आहे आणि तिची सही नाही, तर तिचा हिस्सा त्या कागदाने जात नाही. पक्षकार अज्ञान असेल तर कोर्टाच्या परवानगीशिवाय पालकाला तडजोड करता येत नाही. आणि ‘कायदेशीर’ हा शब्द नुसता शोभेचा नाही. शेतजमीन असेल तर १९४७ चा तुकडेबंदी कायदा आणि १९४८ चा कूळकायदा यांना बगल देणारी अट दोघांच्या सह्या असल्या तरी टिकत नाही.

नोंदणीचीही एक मेख आहे. १९०८ च्या नोंदणी कायद्यात तडजोड हुकूमनाम्याला नोंदणीतून सूट होती. लोकांनी काय केलं, तर दाव्यात नसलेल्या मिळकतीही तडजोडीत घुसवल्या. १९१९ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने अशा तडजोडीलाही सूट असल्याचं मानलं. मग १९२९ मध्ये कायदा बदलून सांगितलं गेलं की दाव्याबाहेरची स्थावर मिळकत असेल तर नोंदणी करा. आणि १९९५ मध्ये सुप्रीम कोर्टाने बजावलं की हुकूमनाम्याने जर नव्यानेच हक्क निर्माण होत असेल तर नोंदणी लागेल. स्टॅम्प वाचवायला कोर्टाचा शिक्का वापरू नका, हा त्यामागचा मुद्दा. दादा-भाऊंनी वेगळं खरेदीखत करून ते नोंदवायचं ठरवलं तर हा प्रश्नच उरत नाही.

पंचायत परत आली का?

१९८२ मध्ये गुजरातेत उना इथे पहिली लोक अदालत भरली. १९८७ चा विधी सेवा प्राधिकरण कायदा नोव्हेंबर १९९५ मध्ये लागू झाला आणि लोक अदालतीच्या निवाड्याला हुकूमनाम्याचा दर्जा मिळाला, अपिलाशिवाय. दिवाणी संहितेतलं कलम ८९ हे १ जुलै २००२ पासून नव्या रूपात आलं: मिटण्यासारखं दिसलं तर कोर्टाने प्रकरण लवाद, समेट, लोक अदालत किंवा मध्यस्थीकडे पाठवावं. त्यातून मिटलं तर कोर्ट फी परत मिळण्याची तरतूदही झाली.

काही लोक म्हणतात, ही आपली जुनी पंचायतच. मला तसं वाटत नाही. पंचायतीत राजीनामा आधी द्यावा लागे आणि निवाडा काय होणार ते माहीत नसे. आज अटी आधी ठरतात, सही नंतर. पंचायतीत गावाचं दडपण होतं, आज थकव्याचं आहे: तारखा, फी, वय. वीस वर्षं दावा लढून दमलेला माणूस पडेल ती किंमत घेऊन सही करतो, तेव्हा तो खरोखर राजी असतो का? कायद्याकडे या प्रश्नाचं पूर्ण उत्तर नाही. त्याने एवढंच केलंय की सही मागितली, माणसाला समोर उभं करून विचारायला लावलं, ज्यांची संमती घेतली नाही त्यांना त्या कागदापासून वाचवलं.

म्हणून तुमच्या घरात असा दावा असेल आणि कोणी म्हणालं, ‘अपिलात मिटवून टाकू’, तर मागे हटू नका. पण कागद मराठीत वाचून घ्या. रक्कम कधी आणि कशी मिळणार, नाही मिळाली तर काय, ताबा कोणत्या तारखेला, खरेदीखताचा खर्च कोणाचा, फेरफाराला हरकत घ्यायची नाही हे लिहिलंय का, कोणाकोणाची सही हवी, हे सगळं विचारा. येजितखतात जुनी माणसं जे लिहून घ्यायची, ‘यापुढे कटकट करणार नाही’, त्याची आजची आवृत्ती हीच आहे.

आजचा भाग इथेच थांबवतो.